मदत हवी: म्हापशाचे सीटी-एमआरआय वाळपईतल्या घरून रिपोर्ट करायचे आहेत, सेटअप कसा असावा?

सीटी_म्हापसा:
नमस्कार मंडळी. म्हापशातल्या एका डायग्नोस्टिक सेंटरसाठी विचारतोय. १६ स्लाइस सीटी, १.५ टेस्ला एमआरआय, डीआर (डिजिटल) एक्स-रे आणि एक सोनोग्राफी मशीन आहे. रेडिओलॉजिस्ट मॅडम पावसाळ्यापासून आठवड्याचे तीन दिवस सेंटरवर बसतील आणि तीन दिवस वाळपईच्या घरून रिपोर्टिंग करतील. घरी १०० एमबीपीएसची फायबर लाइन आहे, १५० एएचच्या एका बॅटरीचा इन्व्हर्टर आहे आणि २४ इंची फुल एचडी मॉनिटर आहे.

चाचणी घेतली तेव्हा साधा ब्रेन सीटी लगेच पोचला, पण तीन फेजच्या ॲब्डोमेनला (कॉन्ट्रास्टचे इंजेक्शन देऊन टप्प्याटप्प्याने काढलेला पोटाचा सीटी) जवळजवळ अर्धा तास लागला. घरी स्पीड टेस्ट मात्र पूर्ण १०० दाखवते. लाइन बदलावी का? सगळे सुरळीत होईपर्यंत इमर्जन्सी केसचे फोटो व्हॉट्सॲपवर पाठवले तर चालेल का? मॉनिटर नवा लागेल का? कुठल्या केसेस घरून कराव्यात आणि कुठल्या मुळीच करू नयेत, तेही जाणकारांनी सांगावे.

जाळेवाला_फोंडा:
घरची लाइन बदलू नका, दोष तिथे नाही. गाडे अडतेय ते सेंटरच्या अपलोडवर. हिशेब मांडून बघा. सीटीची एक इमेज ५१२ × ५१२ पिक्सेलची, प्रत्येक पिक्सेलला २ बाइट, म्हणजे एक इमेज साधारण अर्धा एमबी. तीन फेजच्या ॲब्डोमेनच्या बारीक स्लाइस धरून २००० इमेज झाल्या तर १ जीबी. सेंटरची अपलोड गती ५ एमबीपीएस असेल तर १ जीबी जायला २७ मिनिटे लागतात. तुमचा अर्धा तास हाच. ब्रेनच्या ५ मिमीच्या ३० इमेज म्हणजे जेमतेम १५ एमबी, म्हणून तो लगेच गेला. सेंटरवर स्पीड टेस्ट करून ‘अपलोड’चा आकडा बघा. बऱ्याच प्लॅनमध्ये डाउनलोड १०० आणि अपलोड त्याच्या एका तुकड्याएवढा असतो. दोन्ही बाजूंना सारखी गती देणारा ५० एमबीपीएसचा प्लॅन घेतलात तर तीच केस तीन मिनिटांच्या आत जाते. लॉसलेस (तपशील न गमावणारे) कॉम्प्रेशन चालू केले की आकार निम्म्याखाली येतो आणि निदानाला काही बाधा येत नाही. लॉसी (तपशील गाळणारे) मात्र लावू नका.

आता जोडणी. सीटी किंवा एमआरआयच्या कन्सोलवर, म्हणजे मशीन चालवणाऱ्या संगणकावर, व्हीपीएनचे (इंटरनेटवरून खाजगी जोडणी करण्याचे) सॉफ्टवेअर टाकू नका. कंपनीचा सर्व्हिस इंजिनिअर हात वर करेल, आणि ते त्याचे बरोबरच आहे. कन्सोलच्या लॅनवर एक छोटा पीसी ठेवा, त्यावर ऑर्थँकसारखा डायकॉम (वैद्यकीय इमेज पाठवण्या-साठवण्याची प्रमाणित पद्धत) सर्व्हर बसवा. कन्सोल त्याला इमेज देईल आणि तो व्हीपीएनमधून घरी पाठवेल. सर्व्हरचे पोर्ट, म्हणजे ऑर्थँकचे ४२४२ आणि ८०४२, राउटरवर थेट इंटरनेटला उघडायचे नाहीत. असे उघडे सर्व्हर शोधून काढायला वेळ लागत नाही आणि पेशंटची नावे-वये त्यात उघडीच असतात. घरच्या फायबरला बहुधा स्वतःचा पब्लिक आयपी (बाहेरून थेट पोचता येईल असा इंटरनेट पत्ता) मिळत नाही, म्हणून सेंटरवर स्टॅटिक आयपी घ्या आणि घरचा पीसी तिथे जोडणी करेल अशी रचना ठेवा. वायरगार्ड हा व्हीपीएन वापरत असाल तर घरच्या बाजूला कीप-अलाइव्ह (जोडणी जागी ठेवणारा संदेश) २५ सेकंद ठेवा.

पुढची अडचण जवळपास सगळ्यांना येते: पिंग जातो, डायकॉम एको (जोडणीची चाचणी) यशस्वी होतो आणि सीटी मध्येच गोठतो. हा एमटीयूचा, म्हणजे एका पॅकेटच्या कमाल आकाराचा, घोळ. पीपीपीओई (युजरनेम-पासवर्डने जोडणाऱ्या) लाइनचा एमटीयू १४९२, त्यातून व्हीपीएनचे ८० बाइट वजा, म्हणून टनेलचा एमटीयू १४१२ ठेवा आणि राउटरवर एमएसएस (पॅकेटमधल्या डेटाचा कमाल आकार) १३७२ ला बांधा. मोबाइल नेटवर्कवर अडलेच तर १२८० वर आणा.

शिवाय डायकॉममध्ये प्रत्येक इमेज पाठवून तिची पोच येईपर्यंत पुढची निघत नाही. जायला-यायला ४० मिलिसेकंद लागत असतील तर २००० इमेजना नुसत्या वाट बघण्यात ८० सेकंद जातात, लाइन कितीही मोठी असली तरी. घरीही ऑर्थँक ठेवलात तर त्याचे ट्रान्सफर प्लगइन इमेजचे गठ्ठे करून समांतर पाठवते, मग हा वेळ वाचतो.

राउटिंगचा क्रम असा ठेवा: ५ मिमीची सिरीज आधी, बारीक स्लाइस तिच्यामागून, म्हणजे मॅडमना वाचायला लगेच सुरुवात करता येते. दुसऱ्या दिवशीच्या अपॉइंटमेंटचे जुने स्कॅन आदल्या रात्रीच घरी पाठवून ठेवा. आणि कन्सोलवरची इमेज संख्या घरी पोचलेल्या संख्येशी जुळल्याशिवाय केस रिपोर्टला उघडू नये. शेवटच्या ४० इमेज न पोचलेला चेस्ट सीटी दिसायला पूर्णच दिसतो, फक्त ॲड्रिनल ग्रंथी त्यात नसतात.

काळोखी_खोली (रेडिओलॉजी):
व्हॉट्सॲपच्या फोटोवर रिपोर्ट द्यायचा नाही, तात्पुरताही नाही. सीटीच्या मूळ डेटात हवेच्या उणे १००० पासून हाडाच्या हजाराच्या वरपर्यंतच्या घनता असतात. फोटोत त्यातली एकच विंडो (पडद्यावर दाखवायला निवडलेला घनतेचा पट्टा) गोठून येते. ८० रुंदीच्या ब्रेन विंडोत कवटीला चिकटलेला पातळ सबड्युरल (मेंदूच्या आवरणाखालचा रक्तस्राव) हाडाच्या पांढऱ्यात मिसळून जातो. विंडो २०० च्या आसपास रुंद केली की तोच वेगळा दिसतो. फोटोवर तुम्ही विंडो बदलू शकत नाही. वर ॲप त्याला आणखी दाबते. पेशंटचे नाव कोपऱ्यात राहते ते वेगळेच, आणि २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्यानंतर ते कुणालाच परवडणारे नाही.

मॉनिटरबद्दल. २४ इंची फुल एचडीचा पिक्सेल ०.२७७ मिमीचा असतो. निदानासाठी तो ०.२१ मिमीच्या आसपास किंवा त्याहून लहान हवा आणि कमाल प्रकाश किमान ३५० कँडेला हवा. ऑफिसचे मॉनिटर नवे असतानाच २५० ते ३०० देतात आणि वर्षागणिक उतरतात. पैसे बेताचेच असतील तर ४०० च्या वर प्रकाश देणारा २७ इंची ४के घ्या. पिक्सेल ०.१५५ मिमी पडतो. फोटोमीटरने डायकॉम ग्रेस्केलला कॅलिब्रेट करा आणि ३५० वर बांधून टाका. सीटी-एमआरआयला तो पुरेल. डीआर चेस्ट रोज बरेच असतील तर ३ मेगापिक्सेलचा मेडिकल मॉनिटरच घ्यावा असे माझे स्पष्ट मत आहे, कारण बारीक न्यूमोथोरॅक्सची (फुप्फुसाभोवती साठलेल्या हवेची) रेघ तिथेच हुकते. मॅमोग्राफी घरून नकोच, तिला ५ मेगापिक्सेल आणि ४२० कँडेला लागतात.

रोज काम सुरू करण्याआधी टीजी१८-क्यूसी पॅटर्न (मॉनिटर तपासण्याचे चित्र) उघडा. काळ्या चौकोनातला ५ टक्क्यांचा आणि पांढऱ्यातला ९५ टक्क्यांचा चौकोन, दोन्ही दिसले पाहिजेत. ५ टक्केवाला दिसत नसेल तर दोष बहुधा खोलीतल्या उजेडाचा. उजेड २५ ते ५० लक्स हवा. आपल्याकडच्या जुन्या घरांना मोठ्या खिडक्या आणि कौलांत काच बसवलेली असते. त्या काचेचा उजेड दुपारी थेट स्क्रीनवर उतरतो आणि नुसत्या पडद्याने अडत नाही. काच आतून झाका, मॉनिटर खिडकीला काटकोनात ठेवा, मागच्या भिंतीवर मंद दिवा लावा. गच्च काळोखही नको, डोळे लवकर शिणतात.

डिक्टेशनला तोंडाजवळ माइक येणारा हेडसेट घ्या. पत्र्यावर पाऊस कोसळत असताना लॅपटॉपचा माइक ‘नो’ गिळतो आणि ‘नो फ्रॅक्चर’चे ‘फ्रॅक्चर’ होते. सही करण्यापूर्वी प्रत्येक ‘नो’ आणि प्रत्येक डावे-उजवे डोळ्यांनी तपासायचे.

कामाची वाटणी: साधे सीटी, साधे एमआरआय, एक्स-रे घरून. सोनोग्राफी, बायोप्सी, बेरियम सेंटरच्या दिवशी. सोनोग्राफीत पीसीपीएनडीटी (गर्भलिंगनिदानबंदी) कायद्याखाली मशीन, जागा आणि तपासणी करणारा डॉक्टर तिन्ही नोंदलेले असतात, तिथे पळवाट शोधू नका. कॉन्ट्रास्ट केस मॅडम घरी असतानाही होऊ शकते, पण एकाच अटीवर: रिॲक्शन सांभाळू शकणारा डॉक्टर सेंटरच्या आवारात हजर हवा, फोनवर नव्हे. मोठ्या माणसाला १:१००० ॲड्रेनॅलिन ०.५ मिली मांडीच्या स्नायूत. ते भरण्याची सिरिंज, ऑक्सिजन आणि सक्शन गँट्रीच्या (स्कॅनरच्या) खोलीतच ठेवा. ईजीएफआर (मूत्रपिंडाच्या कामाचा आकडा) ३० च्या खाली असलेली केस मॅडमना विचारल्याशिवाय टेबलावर घेऊ नका. असा डॉक्टर मिळत नसेल तर कॉन्ट्रास्ट सेंटरच्या तीन दिवसांतच बसवा. तीन फेजचे ॲब्डोमेनही मग आपोआप त्या दिवसांत जातात आणि तुमची लाइनही मोकळी राहते.

वीजतंत्री:
इन्व्हर्टर साइनवेव्ह आहे की स्क्वेअरवेव्ह ते आधी बघा. चांगल्या वर्कस्टेशनचा पॉवर सप्लाय स्क्वेअरवेव्हवर बंद पडतो किंवा गुणगुणतो. स्विच ‘यूपीएस मोड’वर ठेवा. साध्या मोडमध्ये बदलायला एवढा वेळ जातो की पीसी रीस्टार्ट होतो आणि अर्धा लिहिलेला रिपोर्ट जातो. त्यापुढे पीसीला १ केव्हीएचा लाइन इंटरॅक्टिव्ह यूपीएस द्या.

वर्कस्टेशन, दोन मॉनिटर आणि राउटर मिळून ४०० ते ४५० वॅट धरा. १५० एएचची नवी बॅटरी त्यावर दोनेक तास चालेल, काही पावसाळे काढलेली असेल तर तासभर. फ्रिज आणि पंखे त्याच इन्व्हर्टरवर असतील तर तेवढेही विसरा. सत्तरी तालुक्यात पावसात झाड तारेवर पडले की वीज दोन तासांत येईलच असे नाही, म्हणून दोन बॅटऱ्यांचा २४ व्होल्टचा इन्व्हर्टर घेतलेला बरा. वीज खात्याच्या नियोजित शटडाउनच्या सूचना वर्तमानपत्रांत येतात. त्या बघूनच घरचे दिवस ठरवा.

लोक एक गोष्ट विचारायची विसरतात. घरात वीज आहे, ओएनटी (फायबर येऊन लागते ती घरातली पेटी) चालू आहे आणि तरी नेट नाही, असे का होते? फायबरवाल्याला विचारा की घरापर्यंत जीपॉन आहे की वाटेत कुणाच्या तरी भिंतीवर स्विचची पेटी आहे. जीपॉनमध्ये मधले स्प्लिटर विजेविना चालतात. स्विचच्या पेटीला मात्र वाड्यावरचीच वीज लागते. ती गेली की तुमचा इन्व्हर्टर असून उपयोग नाही. पेटी असेल तर तिच्यावर बॅटरी बसवून घ्या किंवा पुरवठादार बदला.

आणि अर्थिंग तपासा. न्यूट्रल आणि अर्थमधला व्होल्टेज २-३ व्होल्टच्या वर असेल तर आधी अर्थिंगचा खड्डा सुधारा. मुख्य बोर्डावर सर्ज प्रोटेक्टर लावा. फायबरमधून आकाशातली वीज येत नाही, पण ओएनटीच्या अडॅप्टरमधून आणि तिथून लॅनच्या तारेने पीसीपर्यंत पोचते.

सीटी_म्हापसा:
सगळ्यांचे मनापासून आभार. सेंटरवर बघितले, अपलोड ५ एमबीपीएसच आहे. वाळपईत दुसऱ्या कंपनीचे ४जी घरात दोन दांड्या आणि अंगणात चार दांड्या दाखवते. ते बॅकअपला पुरेल का? आणि चवथीच्या आठवड्यात फायबर तुटली आणि माणूसच मिळाला नाही तर काय करायचे?

जाळेवाला_फोंडा:
बाहेर अँटेना लावता येणारा ४जी राउटर घ्या, अँटेना अंगणाच्या बाजूला छपराखाली कोरडी राहील अशी बसवा. दोन लाइनचा राउटर आपोआप बदल करतो, पण तो भरवशाचा आहे का ते सीटी जात असताना फायबरची तार उपटून बघा. व्हीपीएन मिनिटभरात परत उभा राहून राहिलेल्या इमेज आपोआप गेल्या पाहिजेत. ४जीवर असताना फक्त जाड सिरीज जातील असा वेगळा नियम लिहा.

काळोखी_खोली (रेडिओलॉजी):
दोन्ही बंद पडले तर निर्णय टेक्निशियनवर टाकू नका, आधीच लिहून कन्सोलशेजारी लावा. पक्षाघाताचा संशय असेल तर जोडणीची वाट बघायची नाही. गुठळी विरघळवण्याच्या इंजेक्शनला साडेचार तासांचीच मुदत असते आणि त्यातली बरीचशी पेशंट तुमच्याकडे पोचेपर्यंत संपलेली असते. सीडी हातात देऊन पेशंट लगेच बांबोळीच्या गोवा मेडिकल कॉलेजला, आणि तिथे आधी फोन. बाकी इमर्जन्सीसाठी करार केलेला दुसरा रेडिओलॉजिस्ट, त्याचीही व्हीपीएन जोडणी आधीच तपासलेली. मेंदूतला रक्तस्राव, टेन्शन न्यूमोथोरॅक्स, पोटात मोकळी हवा, महाधमनी फाटणे, यांपैकी काही दिसले तर रिपोर्ट टाइप होण्याआधी पाठवणाऱ्या डॉक्टरला फोन. त्याने ऐकलेले परत म्हणून दाखवायचे, आणि कुणाशी किती वाजता बोलणे झाले ते रिपोर्टातच लिहायचे.