थर्मोस्टॅट बदलू, की मिस्त्री म्हणतोय तसा काढूनच टाकू? (मदत हवी आहे, सोलापूर)

विजापूररोड

नमस्कार मंडळी. गाडी छोटी पेट्रोल हॅचबॅक, 1.2 लिटर, 2014 ची. मॉडेलचं नाव मुद्दाम लिहीत नाही. लिहिलं की धागा "मुळात ही गाडी घेतलीच का" या वळणाला लागतो आणि तिथून परत येत नाही.

त्रास असा आहे. गाडी चालू केल्यावर पहिली दहा-बारा मिनिटं सगळं ठीक असतं. मग तापमानाचा काटा मध्याच्या वर सरकायला लागतो. सात रस्ता, नवी पेठ अशा गर्दीत फॅन बंदच होत नाही. उन्हाळा आहे, ट्रॅफिक आहे म्हणून सोडून दिलं. पण तुळजापूरला जाताना घाट लागायच्या आधीच, मोकळ्या रस्त्यावर 80 च्या वेगाला काटा लाल पट्टीजवळ गेला. एसी बंद केला, काचा खाली केल्या आणि हीटर फुल्ल लावला. मे महिन्यात सोलापूर-तुळजापूर रस्त्यावर हीटर लावून बसणं म्हणजे काय ते इथल्यांना सांगायला नको. पण काटा खाली आला.

कूलंटची (इंजिन थंड ठेवणाऱ्या पाण्याची) पातळी कमी होत नाही. गाडीखाली डाग नाही, सायलेन्सरमधून पांढरा धूर नाही, ऑइलच्या झाकणाखाली दुधाळ काही नाही, म्हणजे कूलंट आत-बाहेर कुठे गळताना दिसत नाही.

मिस्त्रीचं म्हणणं, थर्मोस्टॅट (इंजिनचं गरम पाणी थंड व्हायला रेडिएटरकडे सोडणारा व्हॉल्व्ह) अडकलाय, काढून टाकू, सोलापूरच्या उन्हात त्याचं काय काम, ते थंड मुलखातल्या गाड्यांसाठी असतं. बाबा पण त्याच्याच बाजूने. मला पटत नाही, पण का पटत नाही ते नीट सांगता येत नाहीये, म्हणून इथे आले.

खरंच थर्मोस्टॅटच गेलाय का, हे घरी कसं ओळखायचं? काढून टाकला तर चालतं का? आणि मला तो घरी बदलता येईल का? एअर फिल्टर, प्लग, बॅटरी ही कामं मी स्वतः करते, पाने आहेत.

कडकभाकरी

काढून टाका की ओ. आमच्या टेम्पोचा कधीचा काढलाय, मार्केट यार्डात रोज पळतोय. 43 डिग्रीत इंजिनला अजून गरम कशाला करायचं?

दहाचा_पाना

ताई, आधी तपासा, मग खोला. मिस्त्रीचा अंदाज बरोबर असू शकतो, उपाय मात्र चुकीचा आहे.

तुम्ही लिहिलंय त्यात मला दोन गोष्टी महत्त्वाच्या वाटतात. पहिली, मोकळ्या रस्त्यावरही गाडी तापते. फॅन किंवा त्याचा रिले (फॅन चालू-बंद करणारा विजेचा स्विच) गेला असता तर उलट झालं असतं: ट्रॅफिकमध्ये काटा वर, वेग घेतला की समोरच्या वाऱ्याने खाली. दुसरी, हीटर लावल्यावर काटा उतरतो. हीटरची पाण्याची वाट थर्मोस्टॅटवर अवलंबून नसते. हीटर म्हणजे डॅशबोर्डमागचा छोटा रेडिएटरच. तो तापतोय आणि इंजिनची उष्णता बाहेर काढतोय, म्हणजे वॉटर पंप पाणी फिरवतोय. मग अडथळा मोठ्या रेडिएटरच्या वाटेवर आहे. एक तर थर्मोस्टॅट उघडत नाही, नाही तर रेडिएटर आतून चोक आहे. सोलापुरात दुसऱ्याची शक्यता कमी धरू नका. कूलंटच्या जागी बोअरचं पाणी भरायची सवय इथे जुनी आहे, आणि ते पाणी आत काय थर धरतं ते घरातल्या गिझरची कॉइल काढून बघा.

आता तपासणी. गाडी पूर्ण थंड असताना, म्हणजे सकाळीच. बॉनेट उघडून जाड होज पाईप शोधा. एक रेडिएटरच्या वरच्या बाजूला, एक खालच्या. इंजिनकडे यातला एक पाईप दोन-तीन बोल्टच्या अ‍ॅल्युमिनियमच्या टोपीत जातो, थर्मोस्टॅट त्या टोपीत. काही गाड्यांत तो वरच्या पाईपवर असतो, काहींत खालच्या, आणि निदान त्यावरच ठरतं म्हणून हे आधी बघा. मग गाडी चालू करून उभी ठेवा आणि पाईपांना अधूनमधून हात लावत राहा.

चांगला थर्मोस्टॅट असेल तर सुरुवातीला त्याच्या पलीकडचा पाईप थंड राहतो, आणि इंजिन 80-90 च्या घरात गेलं की मिनिटभरात चटका बसण्याइतका तापतो. काटा वर चढत गेला आणि पाईप कोमटच राहिला, तर थर्मोस्टॅट अडकलाय. पाईप तापला, पण रेडिएटर मध्येच कुठे गरम, कुठे थंड लागला, तर रेडिएटरवाल्याकडे जा.

ओढणी, केस, गळ्यातलं सगळं बांधून घ्या. फॅन विजेवर चालतो, केव्हाही सुरू होतो, काही गाड्यांत चावी काढल्यावरसुद्धा. आणि गरम गाडीचं रेडिएटरचं झाकण कुणीही, कधीही उघडायचं नाही. आत साधारण एक बारचा दाब असतो, त्या दाबामुळेच पाणी शंभरच्या वर जाऊनही उकळत नाही. झाकण उघडलं की ते सगळं एका क्षणात उकळून तोंडावर येतं.

होटगीरोडकर

शक्य असेल तर ओबीडीचा (गाडीच्या कॉम्प्युटरला जोडायच्या सॉकेटचा) ब्लूटूथ स्कॅनर घ्या, मोबाईलवर कूलंटचं खरं तापमान दिसतं. डॅशबोर्डच्या काट्यावर फार विसंबू नका. बऱ्याच गाड्यांत तो मुद्दाम मध्यावर थोपवलेला असतो, म्हणजे बिचारा चालक घाबरू नये. तो हलतो तेव्हा मामला बराच पुढे गेलेला असतो.

आणि कोविडमधली कपाळाला लावायची बंदूक काढू नका. ती 43 च्या आसपास "हाय" दाखवून गप्प बसते. कामाची इन्फ्रारेड बंदूक वेगळी मिळते.

विजापूररोड

सकाळी तपासलं. माझ्या गाडीत टोपी हेडवर (इंजिनच्या वरच्या भागावर) आहे, वरच्या पाईपवर. स्कॅनर शेजाऱ्यांकडे निघाला. 104 पर्यंत गेलं, फॅन सुरू झाला, टोपी हात लावता येणार नाही इतकी गरम, आणि तिला जोडलेला पाईप जेमतेम कोमट. रेडिएटर जवळपास थंडच. फॅन थंड रेडिएटरवर वारा घालत बसला होता. हीटरचे दोन्ही पाईप मात्र कढत. लगेच गाडी बंद केली.

म्हणजे थर्मोस्टॅटच ना? बाबा म्हणतात, मग आता मिस्त्रीचंच ऐक.

जुना_फिटर

निदान पक्कं आहे, पोरी. आता बाबांसाठी लिहितो, कारण आमच्या वयाच्या लोकांच्या डोक्यात हे घट्ट बसलंय आणि त्याला कारणही आहे. मी अक्कलकोट रोडच्या एमआयडीसीत गॅरेजमध्ये वर्षानुवर्षं काम केलं. कार्बोरेटरच्या जमान्यात आम्हीसुद्धा थर्मोस्टॅट काढून फेकायचो. त्या गाड्यांना कुणी विचारायला नव्हतं. आताच्या गाडीला कॉम्प्युटर आहे आणि तो तापमान बघून पेट्रोल सोडतो. इंजिन 60-65 ला घुटमळत राहिलं की त्याला वाटतं अजून थंड आहे, तो जास्त पेट्रोल देत राहतो. अ‍ॅव्हरेज पडतं, जास्तीचं पेट्रोल सिलिंडरच्या भिंतीवरून ऑइलमध्ये उतरतं. ऑइल नीट तापलं नाही तर त्यातली वाफ उडून जात नाही, चिखल होतो. आपल्याकडे थंडी नाही हे खरं, पण 40 डिग्रीची हवा म्हणजे इंजिनला थंडच. त्याला 90 च्या आसपास राहायचं असतं, थर्मोस्टॅट त्याला तिथे धरून ठेवतो.

दुसरी गोष्ट गॅरेजमध्येसुद्धा फार जणांना माहीत नसते. पुष्कळ इंजिनांत थर्मोस्टॅटला खाली आणखी एक चकती असते. वरचा व्हॉल्व्ह उघडून पाणी रेडिएटरकडे जायला लागलं की ही चकती इंजिनातल्या आतल्या आत फिरणाऱ्या बायपासच्या वाटेचं तोंड बंद करते. थर्मोस्टॅट काढला की ते तोंड कायमचं उघडं. मग गरम पाण्यातला एक हिस्सा रेडिएटरला न शिवता पुन्हा इंजिनात जातो. हिवाळ्यात गाडी तापतच नाही, आणि भर उन्हात घाट चढताना उलट जास्त तापते. लोक म्हणतात, थर्मोस्टॅट काढला तरी हीट मारते, म्हणजे हेड गॅस्केट (हेड आणि खालच्या इंजिनमधलं सील) गेलं. आणि हेड उतरवून बसतात.

कडकभाकरी

फिटरकाका, आमचा टेम्पो डिझेल जुना आहे, त्याला कॉम्प्युटर नाही. पण घाटात हीट मारतो हे खरं आहे बे. मला वाटायचं लोड जास्त म्हणून.

जुना_फिटर

लोड पण असेल. पण आधी त्या टोपीत काय आहे ते बघ.

विजापूररोड

बाबांनी वाचलं. "बरं, बदल" एवढंच म्हणाले, म्हणजे पटलंय. नवा आणायला निघाले आहे. काय बघून घेऊ? आणि खोलायचं कसं?

दहाचा_पाना

जुन्याच्या कडेवर किंवा बुडावर आकडा कोरलेला असतो, 82 किंवा 88 असा. तो उघडायला सुरुवात होण्याचा आकडा. तोच घ्या. उन्हाळ्यासाठी कमी आकड्याचा बसवा असं दुकानदार म्हणेल, ऐकू नका. 82 चा असो की 88 चा, पूर्ण उघडल्यावर पुढचं काम रेडिएटर आणि फॅनचं. सोबत नवी रबर रिंग किंवा गॅस्केट घ्याच, जुनी पुन्हा बसत नाही. कूलंट हँडबुकात लिहिलेल्या प्रकाराचं. रंगावर जाऊ नका, हिरवा-लाल हा कंपन्यांचा आपापला मामला आहे. कॉन्सन्ट्रेट घेतलं तर निम्मं डिस्टिल्ड वॉटर, आणि डब्यावर रेडी टू यूज लिहिलं असेल तर त्यात थेंबभरही पाणी नाही. नळाचं नको, बोअरचं तर नकोच.

नवा बसवायच्या आधी घरी तपासून बघा, पाकिटातून खराब निघाल्याची उदाहरणं आहेत. स्वयंपाकाचं नसलेलं एखादं जुनं पातेलं घ्या. व्हॉल्व्ह बोटांनी किंचित उघडून त्याच्या फटीत दोरा अडकवा आणि त्या दोऱ्यानेच थर्मोस्टॅट पाण्यात लोंबकळत सोडा, बुडाला टेकू देऊ नका. पाणी तापवा. व्हॉल्व्ह उघडला की दोरा सुटतो आणि तो टुपकन खाली पडतो. आतलं मेण वितळून फुगतं आणि दांडा ढकलतं, एवढीच त्याची करामत. सोलापूर समुद्रसपाटीपासून साडेचारशे मीटरच्या आसपास आहे, इथे पाणी 98-99 ला उकळतं. 82 चा थर्मोस्टॅट तेवढ्यात पूर्ण उघडायला हवा. जुना पण त्याच पाण्यात टाका, म्हणजे मनात शंका राहणार नाही.

खोलताना: गाडी थंड. रेडिएटरखालचा ड्रेन कॉक सैल करून कूलंट टबात घ्या, सगळं काढायची गरज नाही, टोपीच्या पातळीखाली आलं की पुरे. वरच्या पाईपची क्लिप पक्कडीने मागे सरकवा. पाईप चिकटला असेल तर ओढू नका, आधी गोल पिळा. टोपीचे बोल्ट बहुधा दहाच्या पान्याचे. गंजलेले वाटले तर आदल्या रात्री गंज सोडवायचं ऑइल मारून ठेवा. अ‍ॅल्युमिनियममध्ये बोल्ट तुटला तर अर्ध्या तासाचं काम लेथवाल्यापर्यंत जातं. या अख्ख्या कामात भीती बाळगावी अशी जागा ही एकच.

टोपी काढली की जुना कसा बसलाय त्याचा फोटो काढा. स्प्रिंगची बाजू इंजिनकडे. कडेला छोटं भोक किंवा हलणारी पिन असेल तर ती सगळ्यात वर यायला हवी, तिथून हवा निघते. बसायची जागा प्लॅस्टिकच्या पट्टीने साफ करा, स्क्रू ड्रायव्हरने खरवडू नका. रबर रिंग असेल तर वर सिलिकॉन फासायचं नाही. बोल्ट आलटून पालटून, थोडे थोडे, हलक्या हाताने.

भरताना घाई नको. झाकण उघडं, हीटर फुल्ल गरमवर, कूलंट बारीक धारेने ओता, मधून मधून वरचा पाईप दाबा म्हणजे बुडबुडे निघतात. मग गाडी चालू करा, पातळी उतरेल तशी भरा. पाईप कोमट व्हायला लागला आणि पातळी स्थिर झाली की झाकण लावा. फॅन सुरू होऊन बंद होईपर्यंत गाडी चालू ठेवा, नजर स्कॅनरवर. आत हवा राहिली तर नवा थर्मोस्टॅट असूनही काटा उड्या मारतो.

विजापूररोड

झालं! पाईप सोडायलाच जास्त वेळ गेला, बोल्ट मुकाट्याने निघाले.

पातेल्यात जुना उकळत्या पाण्यातही नखाएवढाच उघडला, म्हणून तर पाईप कोमट लागत होता. नवा 82 चा, दोरा सोडून टपकन पडला. बाबा शेजारी खुर्ची घेऊन बसले होते, त्यांनी पुन्हा एकदा करून दाखव म्हणून सांगितलं.

आज एसी लावून तुळजापूरला जाऊन आलो. सरळ रस्त्यावर 86 ते 90, घाटात 95 पर्यंत जाऊन परत खाली. फॅन लागतो आणि बंदही होतो.

एकच राहिलं. टबात काढलेल्या जुन्या कूलंटचं काय करू? गटारात ओतू का?

दहाचा_पाना

अजिबात नको. ते चवीला गोड असतं आणि जनावरं पितात. कुत्र्या-मांजराची किडनी थोड्या कूलंटनेही जाते. टब आताच झाका, मग घट्ट झाकणाच्या कॅनमध्ये भरा, वर मोठ्या अक्षरांत "विष" लिहा, पाण्याच्या बाटलीत तर कधीच ठेवू नका. जुनं ऑइल गोळा करणाऱ्या वर्कशॉपला विचारा, कूलंट वेगळं घेतात का. ऑइलमध्ये मिसळून देऊ नका. आणि उद्या सकाळी गाडी थंड असताना पातळी एकदा बघा, उरलेली हवा निघाली की थोडी उतरते.