टाटऑर्टची धून आणि 'दास बोट' : एकाच माणसाचं काम?

इझारकाठची
म्युनिकला येऊन दीड वर्ष झालं. शेजारच्या आजी दर रविवारी रात्री सव्वाआठला टीव्ही एवढा मोठा लावतात की भिंतीतून तीच धून येते. परवा त्यांच्याकडे बसून पाहिलं. आधी डोळे, मग पळणारे पाय. 'टाटऑर्ट' नावाची गुन्हेमालिका. संगीत क्लाउस डोल्डिंगर यांचं आणि पाणबुडीवरच्या 'दास बोट' या सिनेमाचंही त्यांचंच, असं आजी म्हणतात. ऐकून तर दोन वेगळी माणसं वाटतात. खरं काय?

सॅक्सवाले काका
आजी बरोबर आहेत.

मी पंचवीस वर्षं लग्नांत नि ऑर्केस्ट्रात सॅक्सोफोन वाजवला, म्हणून जरा जास्तच बोलतो. डोल्डिंगर मूळचे सॅक्सवाले. जन्म बर्लिनचा, १९३६चा. ड्युसेलडॉर्फच्या संगीतशाळेत पियानो आणि क्लॅरिनेट शिकले आणि जॅझच्या नादी लागले. १९७१ला 'पासपोर्ट' हा बँड काढला आणि म्हातारपणापर्यंत चालवला. 'फिल्म कंपोझर' एवढीच ओळख सांगितली की माझं डोकं फिरतं.

टाटऑर्टचा पहिला भाग २९ नोव्हेंबर १९७०चा. धून जेमतेम अर्ध्या मिनिटाची. त्यात पाय पळतात तेव्हाचे ड्रम नीट ऐका. वाजवणारा पोरगा उडो लिंडेनबर्ग, पुढे जर्मन रॉकमधला बडा गायक झाला.

'दास बोट' १९८१चा. तिथे खालून इंजिनासारखा ठोका चालू राहतो आणि वर सूर हळूहळू चढतो. टाटऑर्टमध्ये पाठलाग आहे, इथे कोंडलेली माणसं. दोन्हीकडे एकच चाल लावली असती तर तो कसला संगीतकार?

रात्रपाळी
'दास बोट'च्या धुनेची टेक्नो, म्हणजे इलेक्ट्रॉनिक नाचाची, आवृत्ती विसरलात, काका. यू९६ या जर्मन ग्रुपची. १९९२ला जर्मनीत पहिल्या नंबरावर होती. आणि 'नेव्हरएंडिंग स्टोरी' हा सिनेमा? तेही डोल्डिंगरच ना?

सॅक्सवाले काका
टेक्नो विसरलो नव्हतो, टाळत होतो.

'नेव्हरएंडिंग'चं अर्धं बरोबर. जर्मन आवृत्तीत सगळं संगीत डोल्डिंगरांचं. बाहेरच्या देशांसाठी जॉर्जिओ मोरोडर या दुसऱ्या संगीतकाराचे सिंथेसायझरचे तुकडे घातले, आणि लिमालने गायलेलं ते प्रसिद्ध गाणंही मोरोडरचंच. जर्मन प्रत मिळाली तर तीच बघा.

हिशेबनीस
दर रविवारी वाजते म्हणजे रॉयल्टी किती मिळत असेल!

सॅक्सवाले काका
आकडा मला ठाऊक नाही. पण संगीतकाराला प्रक्षेपणामागे पैसे मिळतात. शीर्षकाची दृश्यरचना करणाऱ्या बाईंना मात्र एकदाच २५०० मार्क (तेव्हाचं जर्मन चलन) मिळाले होते. चाळीस वर्षांनी त्या कोर्टात गेल्या, खाली जिंकल्या, २०११ला वरच्या कोर्टात हरल्या. ज्याचे डोळे दिसतात त्या नटाला ४०० मार्क. आमच्या लग्नाच्या बँडात तरी जेवण मिळायचं.

डोल्डिंगर ऑक्टोबर २०२५ला गेले, ८९ वर्षांचे होऊन. इझारकाठची, 'पासपोर्ट'चे सत्तरच्या दशकातले अल्बम आधी ऐका, सिनेमे नंतर.

इझारकाठची
ड्रमवाल्याचं आजींना सांगितलं. "आपला उडो?" म्हणून खुर्चीतून उठल्याच. येत्या रविवारी जेवायला बोलावलंय. अट एकच : सव्वाआठनंतर दीड तास तोंड उघडायचं नाही.