व्होर्सेल पडद्यावरही आहे
नील्स व्होर्सेल म्हणजे फक्त डॅनिश दिग्दर्शक लार्स फॉन ट्रायरचा सहलेखक, कॅमेऱ्यामागचाच माणूस, असं कुणीतरी म्हटलंय. 'युरोपा' हा चित्रपट (१९९१) आणि 'रिगेट' या टीव्ही मालिकेपुरतं (१९९४) ते ठीक आहे, पण १९८७ च्या 'एपिडेमिक' चित्रपटात तो चक्क नील्स म्हणूनच वावरतो, फॉन ट्रायर लार्स म्हणून.

या चित्रपटात दोघांनी लिहिलेली पटकथा कॉम्प्युटरवरून उडते आणि मोजक्या दिवसांत नवीन उभी करायची असते, साथीच्या रोगावरची. खोलीच्या भिंतीवर ब्रशने सरळ रेघ ओढून ते कथेचे टप्पे मांडतात, तो प्रसंग मला फार आवडतो. तिथे व्होर्सेल अभिनय करतोय असं वाटतच नाही, लेखक कामाला लागलेला दिसतो. पटकथा लिहिणाऱ्या प्रत्येकाने तेवढा भाग तरी बघाच.