अंधश्रद्धा का टिकतात, हे आठवी-नववीच्या वर्गात कसं दाखवावं?

ऐरोली_विज्ञान
नमस्कार. २८ फेब्रुवारीच्या विज्ञान दिनासाठी शाळेत आठवी-नववीच्या साधारण पन्नास मुलांसमोर दोन तासिका मिळणार आहेत. विषय घेतला आहे 'जगभरच्या अंधश्रद्धा आणि माणसं त्या का मानतात'. शोधलं की 'अमक्या देशात असं मानतात, तमक्या देशात तसं' अशा याद्याच हाती लागतात. मुलं त्या ऐकून हसतील आणि विसरतील. खात्रीची दोन-तीन उदाहरणं हवीत आणि वर्गातच करता येईल असा प्रयोग हवा. प्रयोगशाळेत सामान बेताचंच आहे. मुलांच्या घरी लिंबू-मिरची, दृष्ट, अमावास्या सगळं पाळलं जातं, त्यामुळे कुणाच्या आईवडिलांचा अपमान होता कामा नये.

घोडबंदर_०७
तक्ते नंतर लावा, आधी प्रयोग घ्या.

त्यामागची गोष्ट अशी. १९४८ साली स्किनर या मानसशास्त्रज्ञाने आठ भुकेल्या कबुतरांना ठरावीक वेळाने आपोआप दाणे मिळतील अशी सोय केली. कबुतर काय करतंय याचा दाण्यांशी काही संबंध नव्हता. तरी आठपैकी सहा कबुतरांना एकेक लकब जडली. एक गोल गोल फिरायचं, एक पिंजऱ्याच्या वरच्या कोपऱ्याकडे डोकं खुपसायचं. मात्र १९७१ मध्ये स्टॅडन आणि सिमेलहॅग यांनी दाखवलं की यातल्या बऱ्याच हालचाली दाण्याची वाट बघणारं कबुतर एरवीही करतं. म्हणून फक्त कबुतरांवर थांबू नका. १९८७ मध्ये जपानच्या ओनो यांनी वीस विद्यार्थ्यांसमोर ओढायचे तीन दांडे ठेवले आणि गुण आपोआप पडत ठेवले. काही जणांनी आपापला विधी तयार केला. एक मुलगी तर शेवटी उड्या मारून छताला हात लावू लागली.

वर्गात असं करा. सहा मुलं पुढे बोलवा आणि तोंडं भिंतीकडे करून, एकमेकांचं दिसणार नाही अशी उभी करा. सूचना एवढीच द्या: "घंटा वाजली की एक गुण. जास्तीत जास्त गुण मिळवा. हालचाल वाटेल ती करा, पण बोलायचं नाही." घंटा वाजवणारा वर्गाबाहेर बसवा. त्याच्याकडे मोबाइलचं स्टॉपवॉच आणि आधी लिहिलेल्या वेळांची चिठ्ठी द्या. दोन घंटांमधलं अंतर ८ ते २० सेकंद असं कमी-जास्त ठेवा. चार मिनिटांत साधारण सतरा-अठरा घंटा होतील. मग प्रत्येकाने गुपचूप कागदावर लिहायचं की घंटा कशाने वाजते. कागद तुम्ही मोठ्याने वाचा. घंटा सगळ्यांना एकच ऐकू आलेली असते आणि नियम मात्र वेगवेगळे निघतात. वर्गाला जे कळायला हवं ते तिथेच कळतं.

फसतं ते तीन ठिकाणी. वाजवणाऱ्याला मुलं दिसत असली तर तो नकळत एखाद्या हालचालीला घंटा देतो. अंतर सारखं पंधरा सेकंद ठेवलं तर हुशार मुलं मनात मोजू लागतात. आणि अंतर मिनिटभराचं झालं की मुलं कंटाळून नुसती उभी राहतात. हालचालच नसेल तर नियम कशाला चिकटणार?

एखादा लिहील, "कशाचाच संबंध नाही." त्याला लगेच शाबासकी देऊ नका, कसं ओळखलंस ते विचारा. तो मध्ये पूर्ण थांबला असेल आणि तरी घंटा वाजली असेल, तर त्याने खरी चाचणी केली. बाकीचे थांबत नाहीत, कारण थांबलं आणि गुण गेले तर? घरोघरचे तोडगे याच भीतीवर चालतात. चूक पकडायची तर तोडगा सोडून बघावा लागतो, आणि तो सोडण्याची जोखीम कुणालाच नको असते.

नेरूळ_पूर्व
वरच्या प्रयोगाला जोडून जगातली ही उदाहरणं घ्या. प्रत्येकाचं कारण वेगळं आहे, म्हणून निवडली.

पहिलं जपानचं, आणि माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचं. साठ वर्षांच्या चक्रात एक 'हिनोए-उमा', म्हणजे अग्नी-अश्वाचं वर्ष येतं. त्या वर्षी जन्मलेली मुलगी तापट निघते आणि नवऱ्याच्या मुळावर येते, अशी समजूत. १९६५ मध्ये जपानमध्ये सुमारे १८.२ लाख बाळं जन्मली, १९६६ मध्ये १३.६ लाख आणि १९६७ मध्ये परत १९.४ लाख. रेल्वे, कारखाने यांत पुढे असलेल्या देशातली ही आकडेवारी आहे. ती फळ्यावर स्तंभालेख काढून दाखवा, मधला खड्डा लांबूनही दिसतो. २०२६ हे पुन्हा तेच वर्ष.

इथे मुलांना एक प्रश्न जरूर विचारा: त्या सगळ्या आईबापांचा यावर विश्वास होता का? तसं असायची गरज नव्हती. 'उद्या मुलीच्या लग्नात सासरचे हे बघतील' एवढं वाटणं पुरेसं होतं. आपल्याकडे पत्रिकेतला मंगळ असाच टिकतो. पितृपक्षात नव्या गृहप्रकल्पाची जाहिरात टाळणारा बिल्डर स्वतः काय मानतो याला महत्त्व नाही, गिऱ्हाईक मानत असेल असं त्याला वाटतं. अशी समजूत एकेकट्याला पटवून जात नाही, कारण ती एकेकट्याच्या डोक्यात नसतेच.

दुसरं ट्रोब्रियांड बेटांचं, पापुआ न्यू गिनीतलं. पहिल्या महायुद्धाच्या काळात मालिनोव्स्की हा मानववंशशास्त्रज्ञ तिथे राहिला होता. आतल्या शांत खाडीत मासे हमखास मिळायचे, तिथे मंत्रतंत्र नव्हते. खुल्या समुद्रात जीव धोक्यात आणि मासे बेभरवशाचे, तिथे मात्र मोठे विधी. माणसं तीच आणि होड्या बांधायची अक्कलही तीच, फरक फक्त अनिश्चिततेचा. वाशी-ऐरोलीच्या कोळीवाड्यातल्या मुलांना हे चटकन कळेल.

तिसरं दक्षिण कोरियाचं: बंद खोलीत रात्रभर पंखा चालू ठेवला तर माणूस मरतो. म्हणून तिथल्या पंख्यांना टायमर असतो. २००६ मध्ये तिथल्या ग्राहक संरक्षण संस्थेनेही उन्हाळ्यातल्या धोक्यांत हे नोंदवलं होतं. पंखा ऑक्सिजन खात नाही, तो आहे तीच हवा हलवतो. पण कडक उन्हाळ्यात वृद्ध किंवा आजारी माणूस झोपेत गेला तर खोलीत पंखा चालू सापडणारच, आणि दोष त्याच्यावर येतो.

कोपरी_कट्टा
'घरच्यांचा अपमान नको' हे तुम्ही लिहिलंत ते फार योग्य. त्यासाठी एक सुचवतो. नियम सांगा की बोलायचं ते हालचालीबद्दल, माणसांबद्दल नाही. रशियात डाव्या खांद्यावरून तीनदा थुंकल्यासारखं करतात, इंग्रज लाकडावर टकटक करतात, आपल्याकडे मीठ-मोहरी ओवाळून चुलीत टाकतात. २०१४ मध्ये शिकागोच्या संशोधकांनी तपासलं. नशिबाला डिवचणारं काही बोलल्यावर ज्यांनी अंगापासून दूर ढकलणारी हालचाल केली, त्यांना वाईट घडण्याची शक्यता कमी वाटली. मग ते टेबलावर खाली टकटक करणं असो की नुसता चेंडू फेकणं. स्वतःकडे ओढणाऱ्या हालचालीने तसं झालं नाही. म्हणजे आजीला दृष्ट काढून खरंच हलकं वाटतं, आणि हे म्हणण्यात आजीचा अपमान नाही.

एक सावधगिरी: लिंबू-मिरचीच्या आम्लाने किडे पळतात वगैरे 'शास्त्रीय कारणं' तक्त्यावर येऊ देऊ नका. ती मागाहून चिकटवलेली आहेत. कुणी म्हणालं तर विचारा, मग शनिवारीच का, आणि मिरच्या सातच का?

जादूटोणाविरोधी कायद्याची, म्हणजे महाराष्ट्राच्या २०१३ च्या अधिनियमाची एक ओळ ठेवा. लिंबू टांगणं त्यात गुन्हा नाही. भूत उतरवायला मारहाण करणं, साप-विंचू-कुत्रा चावल्यावर दवाखान्यात जाऊ न देता मंत्र घालणं हे गुन्हे आहेत. शिक्षा सहा महिने ते सात वर्षं आणि दंड पाच ते पन्नास हजार रुपये.

ऐरोली_विज्ञान
मनापासून आभार. एक अडतं. "पण मांजर आडवं गेलं आणि खरंच काम बिघडलं" असं एखादा म्हणणारच. त्याला काय द्यायचं?

घोडबंदर_०७
चिठ्ठ्या द्या. चाळीस करा. 'मांजर आडवं, काम बिघडलं' २१. 'मांजर आडवं, काम झालं' ९. 'मांजर नाही, काम बिघडलं' ७. 'मांजर नाही, काम झालं' ३. पिशवीत हलवून एकेक भराभर वाचा, कुणालाही लिहून घेऊ देऊ नका. मग हात वर करायला सांगा: मांजराचा संबंध आहे असं किती जणांना वाटतं? बरेच हात वर येतील. मग फळ्यावर चार चौकोन काढून आकडे भरा. मांजर असताना ३० पैकी २१, नसताना १० पैकी ७. दोन्हीकडे सत्तर टक्केच.

'काम बिघडलं' या चिठ्ठ्या मुद्दामच जास्त ठेवल्या आहेत. वाईट निकाल वारंवार येत असेल तर संबंधाचा भास जास्त होतो. तुम्ही प्रमाण निम्मं-निम्मं केलंत तर हात कमी वर येतील. शेकडेवारी मुलांनाच काढायला लावा, तुम्ही सांगू नका. आणि 'मांजर नाही' च्या चिठ्ठ्या सलग बाहेर आल्या तर पिशवी पुन्हा हलवून घ्या.