बिज्याचा बोर्ड काढू का ठेवू?

धुऱ्यावरचा (नागभीडकडून)
माझ्या धानाच्या बांधीच्या धुऱ्यावर आजाच्या काळापासून बिज्याचं (बिबळ्याचं) झाड उभं आहे. शिवारात आता दुसरा नाही. दोन वर्षांआधी शाळेतल्या पोरांनी त्याला टिनाचा बोर्ड ठोकला: 'दुर्मिळ औषधी वृक्ष. तोडू नका.' झालं! तोवर कोणी ढुंकून पाहत नव्हतं, बोर्ड वाचून शुगरवाले यायला लागले. पहिले ढलप्या नेल्या, मग कंबरेपर्यंत साल. लाल डिंक गळून वाळतो, सकाळी पाहिलं की तिथं बकरं कापलं असं वाटते. एकाला पकडलं तर म्हणते, "भाऊ, माय आजारी आहे." आता काय बोलावं?

परवा पुतणीनं मोबाइलवर 'काफे मारों' नावाच्या झाडाची गोष्ट दाखवली. मॉरिशसच्या पूर्वेला रॉड्रिग्ज बेट आहे, जगात फक्त तिथलंच हे झाड. संपलं म्हणून सोडून दिलं होतं, 1980 च्या सुमारास शाळेतल्या एका पोराला एकच सापडलं. कुंपण घातलं, तर लोकं फांद्या तोडायला हजर! दारूच्या उताऱ्याला अन् गुप्तरोगाला चालते म्हणे. मग कुंपणावर कुंपण.

तर बोर्ड काढू का? अन् एकट्या झाडापासून रोपं तिकडं कशी केली?

कळमसावली
मी वनस्पतिशास्त्र शिकवतो, म्हणून थोडं लांबवतो. 1986 मध्ये काफे मारोंच्या फांद्या विमानानं लंडनच्या क्यू उद्यानात नेल्या. कलम जगलं, चांदणीसारखी पांढरी फुलं आली, फळ मात्र धरेना. परागकण कुक्षीवर, म्हणजे फुलातल्या पराग झेलणाऱ्या भागावर, टाकले तरी आत उतरत नव्हते. कार्लोस माग्दालेना या तिथल्या माणसानं कुक्षीचं टोकच कापलं आणि त्या जखमेवर पराग ठेवले. 2003 मध्ये फळ धरलं! पुढे बी बेटावर परत गेलं.

गंमत म्हणजे त्याच्या लहान रोपाची पानं लांब, अरुंद, तपकिरी, वाळल्यासारखी असतात. मोठेपणी हिरवी, रुंद. तिथल्या राक्षसी कासवांच्या तोंडातून वाचायची ही युक्ती असावी, असं मानतात. कासवं कधीच संपली, झाड अजून सोंग करतंय. कॉफीच्या कुळातलं आहे, म्हणजे आपल्या हळदू-कळम या झाडांचं भाऊबंद.

तुमचा बिजा एका बेटापुरता नाही, मेळघाटापासून गडचिरोलीपर्यंत आहे. कुक्षी कापायची पाळी येणार नाही.

रोपवाटिकेतली मावशी
सर, कासवं राहू द्या, त्यांच्या झाडाची साल पाहा आधी. दादा, साल सभोवार निघाली का? एका बाजूनं पट्टा शिल्लक असेल तर झाड तगेल. जखमेवर शेण-माती लिंपा. पापडीसारख्या शेंगा वाळून तपकिरी झाल्या की झोडपून घ्या, कडेचा पंखा कातरा, रात्रभर पाण्यात भिजवा अन् पिशवीत लावा. एकट्या झाडाच्या पुष्कळ शेंगा पोचट निघतील, म्हणून टोपलीभर लावा. जंगलातल्या दुसऱ्या बिज्याचं बी मिळालं तर तेही मिसळा. अन् बोर्ड आजच काढा. पानठेल्यावर पत्ता सांगितल्यासारखं झालं ते.

धुऱ्यावरचा
मावशी, उत्तरेकडून चार बोटं साल आहे. आज लिंपलं. बोर्ड काढून गोठ्यात ठेवला, पोरं नाराज झाली जी. चार खिळे उपटले, तर त्या भोकांतूनही लाल डिंक आला.