आयर्लंडने युरोव्हिजनला आयरिश भाषेतलं गाणं पाठवावं का?

डब्लिनकर
इस्राएलचा सहभाग कायम राहिला म्हणून आरटीईने, म्हणजे आयर्लंडच्या सार्वजनिक वाहिनीने, २०२६च्या युरोव्हिजन या देशोदेशींच्या गाण्यांच्या स्पर्धेतून माघार घेतली. ते बरोबर की चूक, यासाठी वेगळा धागा काढा. माझा प्रश्न परत जातील तेव्हाचा आहे. सात वेळा जिंकलेला देश, १९९२ ते ९४ तर ओळीने तीनदा. आणि २०१४ ते २०२५ मध्ये अंतिम फेरीत फक्त दोनदा! २०२५ला नॉर्वेची गायिका, इंग्रजी गाणं आणि विषय काय, तर सोव्हिएत कुत्री लायका. यात आयर्लंड कुठे आहे? आजवर एकदाच, १९७२ला एडिंबरोत, सँडी जोन्स आयरिशमध्ये गायली. आता पुन्हा तेच करावं. २०२१चे पहिले तीन क्रमांक आठवा: इटालियन, फ्रेंच, फ्रेंच.

(मराठी शाळांचा वाद इथे कुणी आणू नका, हात जोडून विनंती.)

तिरकस_बाण
ते १९७२चं गाणं अठरांत पंधरावं आलं होतं, हे बरं गाळलंत! आणि २०२३, २४, २५ या तिन्ही वर्षी इंग्रजी गाणीच जिंकली. आयर्लंडच्या २०२२च्या जनगणनेत शाळेबाहेर रोज आयरिश बोलणारे जेमतेम ७२ हजार निघाले. गाणं कळणार कुणाला?

डब्लिनकर
कळायची गरजच काय? स्वतःच्या देशाला मत देता येत नाही. २०२३ ते २०२५ मध्ये उपांत्य फेरीचा निकाल तर फक्त प्रेक्षकांच्या मतांवर लागला, आणि आयर्लंडसाठी ती मतं सगळी परक्यांची. तुम्ही हेलसिंकीत राहता ना? तुमचा कारिया २०२३ला फिनिशमध्ये गायला आणि प्रेक्षकांच्या मतांत पहिला आला. युरोपभर किती जणांना फिनिश येतं?

एक_श्रोता
मुळात त्या सात विजयांचं कौतुक जरा आवरा. १९७७ ते १९९८ ज्याने त्याने आपल्या देशाच्या भाषेत गायचं असा नियम होता. इंग्रजीची मुभा आयर्लंड, ब्रिटन आणि माल्टाला. सातांपैकी सहा विजय त्याच काळातले. १९९९ला नियम उठला, त्यानंतर एकही नाही. म्हणजे इंग्रजीच आयर्लंडचं हुकमी पान होतं, आणि ते आता सगळ्यांच्या हातात आहे.

डब्लिनकर
ब्रिटनकडेही तेच पान होतं की. त्या बावीस वर्षांत ते दोनदाच जिंकले, १९८१ आणि १९९७. आयर्लंडकडे जॉनी लोगन होता. गायक म्हणून दोनदा जिंकला आणि १९९२चं विजेतं गाणंही त्यानेच लिहिलं. गाणी चांगली होती हो!

बाकी तुमचा मुद्दा माझ्याच बाजूचा आहे. इंग्रजीचा फायदा संपला, तर तिला धरून बसायचं कशाला?

कॉर्कची_काकू
दोघांचंही चुकतंय. रोग निवडीत आहे. स्वीडन सहा शनिवार मोठाल्या सभागृहांत गाणी घासूनपुसून घेतं. इथे 'द लेट लेट शो' या आरटीईच्या गप्पांच्या कार्यक्रमाच्या स्टुडिओत एका शुक्रवारी सगळं उरकतात. तिथून आयरिश गाणं आलं तरी तसंच कच्चं येणार.

२०२४ला आमच्या कॉर्क जिल्ह्यातल्या मक्रूमची बॅम्बी थग सहावी आली, २७८ गुण. गाणं इंग्रजीच. पण चेटकिणीचं सोंग, अंगावर ओघम ही जुनी आयरिश लिपी, किंचाळणं… कुणाला वाटलं का ही दुसऱ्या कुठल्या देशाची? मला ते गाणं आवडलं नाही, पण नजर हटली नाही हे खरं.

डब्लिनकर
काकू, निवडीबद्दल शंभर टक्के मान्य. पण ज्युनिअर युरोव्हिजन बघा. तिथे टीजी फोर ही आयरिश वाहिनी मुलांना आयरिशमध्ये गायला पाठवत होती. २०२२ला येरेवानमध्ये सोफी लेनन सोळा देशांत चौथी आली. लिहिणारे आहेत, गाणारेही आहेत. मोठ्यांची निवडही टीजी फोरकडे द्या.

कॉर्कची_काकू
मुलांच्या स्पर्धेत गाणं मुख्यतः देशाच्या भाषेत असणं सक्तीचं असतं. सगळेच आपापल्या भाषेत गातात, मग त्यात आयरिशचं वेगळेपण कुठे उठून दिसलं? टीजी फोरचं मात्र पटलं. आरटीईला पटेल का, देव जाणे.

तिरकस_बाण
पाठवा आयरिश गाणं, माझी हरकत नाही. आयरिशमध्ये रॅप करणाऱ्या नीकॅप या गटासारखं काही आणलं तर मीही मत देईन. पण हार्प, हिरवा झगा आणि धूर दिसला की मी चॅनल बदलणार. आणि डब्लिनकर, लक्षात ठेवा, आयर्लंडसाठी माझं मत मोजतात, तुमचं नाही.