वॉदेव्हिलला तमाशा म्हणावं का?

प्रश्न: मा रेनी या ब्लूज (अमेरिकेतल्या काळ्या लोकांची गाणी) गायिकेवर लेख लिहितेय. ती 'मिन्स्ट्रेल शो' आणि 'वॉदेव्हिल'मधून पुढे आली. 'भाट' आणि 'तमाशा' चालेल का? कोशात मिन्स्ट्रेल म्हणजे भाट, चारण असंच सापडतं.

उत्तर: भाट मुळीच नको. तो अर्थ युरोपातल्या जुन्या गवयांपुरता. अमेरिकेत १९व्या शतकात गोरे नट जाळलेल्या बुचाची काजळी तोंडाला फासून काळ्या लोकांची टर उडवायचे, त्या खेळाचं हे नाव. पुढे काळ्या कलावंतांच्या कंपन्यांनीही तेच लावलं. रेनी ज्या 'रॅबिट फूट मिन्स्ट्रेल्स'मध्ये होती ती अशीच, तंबू घेऊन अमेरिकेच्या दक्षिणेत गावोगाव फिरणारी. शब्द तसाच ठेवा, खाली एका ओळीत खुलासा द्या.

उत्तर: आता तमाशा. त्या खेळांचे तंबू, मुक्काम, कापसाचे पैसे हातात आले की गर्दी, हे वाचून फड डोळ्यांसमोर येतो खरा. पण तमाशाला गण, गौळण, बतावणी, वग असा क्रम असतो. वॉदेव्हिलमध्ये कशाचा कशाला पत्ता नाही: कसरतवाला गेला की विनोदी जोडी, मग जादूगार, मग गाणं. शिवाय तमाशा म्हटलं की वाचक लावणी शोधत बसणार. 'वॉदेव्हिल'च लिहा.

प्रश्न: आणि 'मा'? 'माई रेनी' बरं वाटतं.

उत्तर: नको हो! मूळची गर्ट्रूड प्रिजेट. १९०४मध्ये विल रेनीशी लग्न झालं. जोडीनं खेळ करायचे, तो 'पा' आणि ही 'मा'. माई केलंत तर 'पा'चं काय करणार?

प्रश्न: ब्लूजला 'विरहगीत' सुचवलंय कुणीतरी.

उत्तर: रेनीच्या गाण्यांत दारू आहे, तुरुंग आहे, मारझोड करणारा पुरुष आहे. १९२८च्या एका गाण्यात तर बायांबरोबर हिंडण्याची उघड फुशारकी आहे. विरहात हे बसवायचं कुठे? इंग्रजीत खिन्नतेला 'ब्लू डेव्हिल्स' म्हणायची जुनी रीत होती, तिथून हा शब्द आला असं मानतात. गाण्याची ठेवणही वेगळी: बऱ्याचदा पहिली ओळ दोनदा, मग तिसरीत तिचं उत्तर.

आणि बाई रडक्या नव्हत्या! पॅरामाउंट या रेकॉर्ड कंपनीने १९२३ ते १९२८ या काळात तिची शंभराच्या आसपास गाणी ध्वनिमुद्रित केली. त्या दिवसांत रंगमंचावर एक अवाढव्य ग्रामोफोन ठेवलेला असे. आतून गाणं सुरू व्हायचं, मग पेटीचं दार उघडून ही बाहेर. गळ्यात सोन्याच्या नाण्यांची माळ, तोंडात सोन्याचे दात. लेखात हे नक्की घ्या, शब्दांचा घोळ त्यापुढे किरकोळ आहे.

प्रश्न: घेते. शेवटचं एक: १९३५मध्ये ती जॉर्जियातल्या कोलंबसला परतली आणि थिएटरं चालवू लागली. तिथे नाट्यगृह लिहू की चित्रपटगृह?

उत्तर: थिएटर. दोन्हीला चालतं.